नऊ नंबरची खारूताई

"ती नऊ नंबरची कोण रे, शश? कुठून शोधून आणली ही?" ग्विनने विचारलं.

खांबेट्यांनी चष्मा काढला, मफलरच्या टोकाने पुसला आणि पुन्हा घातला. तेवढ्या वेळात हिरव्या जर्सीतली नऊ नंबरची मुलगी दोन लाल जर्सींच्या मधून वाकून निघाली होती, आणि तिने टाकलेला चेंडू जाळीतून खाली पडला होता. समोरच्या बाकांवर हिरवा कल्लोळ उठला.

"कोण जाणे," खांबेटे म्हणाले. "नवीन असेल."

ती त्यांची नात होती. सख्खी. ईशानी मिहीर खांबेटे, स्वान्सी विद्यापीठ, सिव्हिल इंजिनिअरिंगचं दुसरं वर्ष. हे सांगायला खरं तर काहीच हरकत नव्हती. ग्विन मोठ्याने हसला असता, पाठीत एक थाप घातली असती आणि दिवसभर त्यावरून चिडवत बसला असता, एवढंच. पण 'कोण जाणे' हे शब्द तोंडातून निघून गेले होते. चुकीच्या फळीवर ठेवलेलं पुस्तक हरवल्यातच जमा असतं, असं खांबेटे लायब्ररीत नव्या मुलांना सांगत असत. हे वाक्य तसंच झालं होतं. आता ते कुठून आणि कसं काढून परत जागेवर ठेवायचं, ते त्यांना कळेना.

समोरच्या बाजूला, हिरव्या गर्दीत, सुनीतीबाई उभ्या होत्या. पाच फूट उंचीच्या, सत्तरीला टेकलेल्या, गळ्यात स्वतः विणलेला हिरवा स्कार्फ. त्या दोन्ही हात वर करून ओरडत होत्या. खांबेट्यांनी नजर खाली वळवली.

सकाळी गाडीतच यावरून वाजलं होतं.

"म्हणजे तुम्ही त्या ग्विनशेजारीच बसणार?"

"माझी नेहमीची जागा आहे ती."

"जागा म्हणे! नात खेळतीये समोरून."

"मी न्यूट्रल आहे, सुनीती."

"न्यूट्रल? अहो, स्वित्झर्लंड आहात की काय तुम्ही? आणि मग हा लाल मफलर कशाला?"

"थंडी आहे," खांबेटे म्हणाले होते.

सुनीतीबाईंनी गिअर बदलला. गाडी नेहमी त्याच चालवत. घरातल्या बऱ्याच गोष्टी त्यांनीच चालवल्या होत्या. पंचेचाळीस वर्षांपूर्वी वेल्समध्ये, कार्डिफच्या मोठ्या हॉस्पिटलात भूल देणाऱ्या डॉक्टर म्हणून त्या आल्या, तेव्हा त्यांच्याबरोबर संस्कृत घेऊन एम.ए. झालेले खांबेटे आले. इथे त्या डिग्रीचं काय करायचं ते कुणालाच ठाऊक नव्हतं. पुढे विद्यापीठाच्या लायब्ररीत, तळघरात, पुस्तकांच्या नोंदी करण्याची नोकरी मिळाली आणि ते निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिले. महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत लोक विचारत, "आणि तुम्ही कुठल्या हॉस्पिटलला?" खांबेटे म्हणत, "मी नाही, ह्या." घरी 'डॉक्टर खांबेटे' असं लिहिलेलं पाकीट आलं की ते न उघडता टेबलावर बायकोच्या जागी ठेवत. याचं त्यांना दुःख होतं असं नाही. आपल्याला दुःख आहे की नाही, याचीच त्यांना कधी नीटशी खात्री झाली नव्हती.

बास्केटबॉल त्यांच्या आयुष्यात आला तो भिडेपोटी. लायब्ररीच्या काउंटरवर काम करणाऱ्या एका विद्यार्थिनीने मुलींच्या सामन्याचं पत्रक हातात ठेवलं आणि "याल ना?" म्हणून विचारलं. नाही म्हणणं जमलं नाही. बुधवारी दुपारी ते हातात पुस्तक घेऊन गेले आणि सगळ्यात मागच्या बाकावर जाऊन बसले. सामना संपला तेव्हा पुस्तक मिटलेलंच होतं. पुढच्या बुधवारी ते न बोलावता गेले. शेजारी ग्विन बसलेला असे. बस ड्रायव्हर म्हणून रिटायर झालेला, पहाडी आवाजाचा. त्याची मुलगी एकेकाळी या टीममधून खेळत असे. ती पुढे लग्न करून कॅनडाला गेली, ग्विन मात्र बाकावरच राहिला.

त्या हॉलमध्ये खांबेटे कुणाचे मिस्टर नव्हते. तिथे ते नुसते 'शश' होते. नोकरी संपली, तरी बुधवार संपले नाहीत. सुनीतीबाई मैत्रिणींना फोनवर सांगत, "आमच्याकडे आधी एक पुस्तकांची सवत होती. आता एकदम पाच आल्यात, लाल चड्ड्या घालून." खांबेटे ऐकून हसत. कार्डिफ-स्वान्सीचा वर्षातून एकदा होणारा सामना जवळ आला की मात्र त्यांना आठवडाभर धड झोप लागत नसे. त्यांना स्वतःलाच ते पोरकट वाटे, म्हणून ते कुणाला सांगत नसत.

दीड वर्षापूर्वी लंडनजवळच्या पिनरहून ईशानीचा फोन आला होता. "आजोबा, मला स्वान्सी मिळालं! आय ॲम द एनिमी नाऊ!" ती हसली, खांबेटेही हसले. नात तासाभराच्या ट्रेनवर राहायला येणार, दर रविवारी घरी जेवायला येणार, याहून सुखाची बातमी कोणती? पण फोन ठेवल्यावर त्यांच्या मनात पहिल्यांदा जे आलं ते हे, की ही पोरगी बास्केटबॉल चांगला खेळते. त्यांची त्यांनाच लाज वाटली होती.

पहिल्या वर्षी ती राखीव खेळाडू होती. या वर्षी स्वान्सीचा अर्धा खेळ तिच्या हातात होता.

"शश, ही नऊ नंबर आपल्याला आज खाणार," ग्विन म्हणाला.

"खाऊ दे," खांबेटे म्हणाले. मग घाईघाईने म्हणाले, "म्हणजे, बघू."

मध्यंतरापर्यंत स्वान्सी पुढे होती. मग कार्डिफच्या मुली जिद्दीने परत आल्या. खांबेट्यांचा जीव दोन्हीकडे ओढला जात होता असं त्यांनी नंतर स्वतःला सांगून पाहिलं, पण ते खरं नव्हतं. त्यांचा जीव एकीकडेच होता. लाल जर्सीचा चेंडू आत पडला की त्यांच्या पायाची बोटं बुटात आवळली जात. ईशानीने बास्केट केली की अभिमानाच्या आधी, अगदी क्षणभर आधी, नजर धास्तीने गुणफलकाकडे जाई. तिला चिकटून खेळणारी कार्डिफची उंच मुलगी तिच्यावर आदळली आणि ईशानी कोपरावर पडली, तेव्हा मात्र ते अर्धवट उभे राहिले. ईशानी उठली, कोपर झटकलं. ते खाली बसले.

"काय झालं?" ग्विनने विचारलं.

"काही नाही. पायात गोळा आला."

शेवटच्या काही सेकंदांत कार्डिफ दोन गुणांनी पुढे होती. चेंडू ईशानीकडे आला, ती उसळली आणि हवेत असतानाच कुणाचा तरी हात तिच्या मनगटावर बसला. पंचाची शिट्टी वाजली. दोन फ्री थ्रो. म्हणजे रेषेवर एकटीने उभं राहायचं, मध्ये कुणी येणार नाही, आणि समोरच्या जाळीत दोनदा चेंडू टाकायचा. दोन्ही आत गेले की बरोबरी. एक जरी हुकला तरी कार्डिफ जिंकल्यात जमा, कारण घड्याळात वेळ जवळजवळ उरलीच नव्हती.

ग्विन तयारच होता. समोरच्या टीमचा फ्री थ्रो असला की कार्डिफच्या बाकांवरचे सगळे लोक लाकडी फळ्यांवर पाय आपटत, शिट्ट्या मारत, नाही नाही ते ओरडत. तो रिवाजच होता. खांबेटे त्यात कधीच सामील होत नसत. इतक्या वर्षांत ते त्या बाकावर एकदाही ओरडले नव्हते. ग्विन त्यांना 'आमचा लायब्रेरियन' म्हणून चिडवी. "शश इथेपण शूः म्हणेल!"

फळ्या धडधडायला लागल्या. ईशानीने चेंडू तीनदा जमिनीवर आपटला, श्वास घेतला आणि टाकला. आत.

आवाज दुप्पट झाला. खांबेट्यांच्या बुडाखालची फळी थरथरत होती. ईशानी मात्र काचेच्या पेटीत उभी असल्यासारखी शांत होती. तिच्यापर्यंत काहीच पोचत नव्हतं.

तसं तिने रविवारीच सांगितलं होतं. स्वयंपाकघरात, वरणभातावर तूप घेताना. "फ्री थ्रोला मी बहिरी होते, आजी. लिटरली. हॉलमध्ये बॉम्ब पडला ना, तरी मला ऐकू नाही येणार."

"माझी हाक तर एरवीही येत नाही तुला ऐकू," सुनीतीबाई म्हणाल्या होत्या. "चार वेळा बोलावलं जेवायला."

"सॉरी! पण आजोबांचा हाक येते. ते खारूताई म्हणतात ना, ते डायरेक्ट आत जाते." तिने चमच्याने स्वतःचं डोकं दाखवलं. "लहानपणापासून. आय कान्ट हेल्प इट."

खारूताई हे नाव खांबेट्यांनीच ठेवलं होतं. सुट्टीत पिनरहून यायची तेव्हा ती दोन्ही गालांत शेंगदाणे भरून घरभर फिरे. मागच्या गल्लीत, गॅरेजवर, त्यांनी तिच्यासाठी एक रिंग बसवून दिली होती. ती तिथे तासन्‌तास चेंडू टाकत बसे, आणि खांबेटे मागच्या दारातून "खारूताई, दूध!" अशी हाक मारत. चेंडू हातातून सुटत असला तरी ती मान वळवून त्यांच्याकडे बघे. दर वेळी. आणि दर वेळी चेंडू भिंतीवर आपटे.

ईशानीने चेंडू पुन्हा हातात घेतला. एकदा आपटला. दोनदा.

खांबेटे उभे राहिले.

हाक ओठांवर आली. ते प्रेम होतं, पोरीला धीर द्यायचा होता, सगळा हॉल तिच्यावर तुटून पडलेला असताना आपलं माणूस इथे आहे हे तिला कळायला हवं होतं, असं पुढे कितीतरी दिवस ते मनाशी म्हणत राहिले. त्यात खोटं काही नव्हतं. पण उभं राहणं आणि ओरडणं यांच्यामध्ये एक जागा होती. एका श्वासाएवढी. त्या तेवढ्या जागेत खांबेट्यांना सगळं माहीत होतं.

"खारूताई!"

आवाज त्यांचाच होता यावर त्यांचा विश्वास बसेना. फळ्यांच्या धडधडाटावरून, शिट्ट्यांवरून तो थेट पलीकडे गेला. ईशानीची हनुवटी किंचित डावीकडे उचलली गेली. त्याच क्षणी चेंडू हातातून सुटला. तो रिंगच्या पुढच्या कडेवर आदळला, सरळ वर गेला आणि बाहेर पडला. चार-पाच हातांची झटापट झाली आणि भोंगा वाजला.

कार्डिफ एका गुणाने जिंकली होती.

ग्विनने त्यांना मिठी मारून जवळजवळ उचललंच. "शश! अरे शश! लबाड माणसा, इतकी वर्षं कुठे लपवून ठेवला होतास हा आवाज? पार घालवलीस तिला! काय होता तो शब्द? शिवी होती ना?"

"नाही," खांबेटे म्हणाले. "एक... प्राणी. खार."

"खार!" ग्विनच्या डोळ्यांत हसून हसून पाणी आलं. त्याने मागच्या रांगेला ओरडून सांगितलं, "ऐकलंत का? शशने तिला खार म्हटलं!"

मागची रांग हसली. कुणीतरी खांबेट्यांच्या खांद्यावर थोपटलं. लाल जर्सी एकमेकींवर उड्या मारत होत्या. इतक्या वर्षांत खांबेट्यांच्या खांद्यावर तिथे कुणी असं थोपटलं नव्हतं. त्यांना ते आवडलं. आवडलं हे लक्षात येताच त्यांनी गळ्यातला मफलर काढला आणि घडी करून खिशात कोंबला.

कोर्टच्या कडेला ईशानी गुडघ्यांवर हात ठेवून वाकून उभी होती. तिच्या टीममधल्या एकीने तिच्या पाठीवर हात ठेवला होता. सुनीतीबाई तिच्याकडे निघाल्या होत्या. जाता जाता त्यांनी मान वर करून खांबेट्यांच्या बाकाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

बाहेरच्या पॅसेजमध्ये, कोल्ड्रिंकच्या मशीनपाशी, खांबेटे भिंतीला लागून उभे राहिले. ग्विन चहा आणायला गेला होता. तो यायच्या आत ईशानी भेटावी की भेटूच नये, हे त्यांना ठरवता येत नव्हतं. काय बोलायचं ते मात्र ठरलं होतं. 'बाळ, माझं चुकलं.' तीनच शब्द. ते मनातल्या मनात घोकत असतानाच दार धाडकन उघडलं आणि ती आली. केस कपाळाला चिकटलेले, कोपरावर खरचटलेलं, डोळे लाल. ती सरळ येऊन त्यांच्या छातीवर कोसळली.

"आजोबा, सॉरी."

"अगं..."

"सॉरी. तुम्ही एवढं ओरडला माझ्यासाठी. यू नेव्हर शाउट! आजी म्हणते तुम्ही लाइफमध्ये कधी ओरडला नाही. आणि मी मिस केलं." तिला हुंदका आला. "सगळे लोक माझ्या अगेन्स्ट होते आणि तुम्ही त्यांच्या मध्ये उभं राहून... ग्रेट होतं ते, आजोबा. आणि मी वेस्ट केलं."

खांबेट्यांचा हात तिच्या ओल्या केसांवर होता. ते तीन शब्द पाठ होते. पण आता ते बोलायचे म्हणजे तिच्या हातातली ही एकच चांगली गोष्ट काढून घ्यायची. निदान त्यांनी स्वतःला दिलेलं कारण ते होतं.

"ठीक आहे," ते म्हणाले. "होतं असं."

तिच्या खांद्यावरून त्यांना ग्विन दिसला. दोन्ही हातांत चहाचे कागदी कप धरून तो उभा होता. ईशानीने वळून पाहिलं, नाक पुसलं आणि इंग्रजीत म्हणाली, "तुम्ही ग्विन ना? आजोबा नेहमी सांगतात तुमच्याबद्दल. मी त्यांची नात."

ग्विनने आधी तिच्याकडे पाहिलं, मग तिच्या जर्सीवरच्या नऊकडे, मग खांबेट्यांकडे. त्याचं हसू हळूहळू उतरत गेलं. खांबेट्यांसाठी आणलेला कप त्याने ईशानीच्या हातात दिला.

"छान खेळलीस, बाळा," तो म्हणाला. "आजची बेस्ट प्लेअर तूच." मग खांबेट्यांकडे न बघता म्हणाला, "हार्ड मॅन आहेस रे शश तू."

घरी जाताना पाऊस लागला होता; गाडीचे वायपर फिरत होते.

"मिहीर बॅरी आयलंडला हरवला होता, आठवतं?" सुनीतीबाई एकदम म्हणाल्या. "पाच वर्षांचा होता. बीचवर ही एवढी गर्दी."

"हो."

"मी बोंबलत फिरत होते वेड्यासारखी. आणि तुम्ही? तुम्ही एकेका माणसापाशी जाऊन 'एक्सक्यूज मी, माझा मुलगा पाहिलात का' असं विचारत होतात. मला इतका राग आला होता. म्हटलं, पोटचं पोर गेलं तरी या माणसाच्या तोंडून आवाज निघणार नाही."

खांबेट्यांनी खिशातला मफलर आणखी आत दाबला.

"आज निघाला," त्या म्हणाल्या. सिग्नलला गाडी थांबली. "कुणासाठी ओरडलात हो?"

"तिच्यासाठीच."

"हं."

सिग्नल हिरवा झाला तरी त्यांनी गाडी सोडली नाही. मागच्याने हॉर्न दिला. "अडतीस वर्षं मी लोकांना भूल दिली," त्या म्हणाल्या, "माणूस खरंच झोपलाय की नुसते डोळे मिटून पडलाय, एवढं मला समजतं." आणि त्यांनी गाडी पुढे काढली. घरी गेल्यावर मात्र त्यांनी नेहमीसारखी खिचडी टाकली, पापड भाजले, आणि खांबेट्यांच्या ताटात तूप जरा जास्तच वाढलं. त्यापेक्षा त्या भांडल्या असत्या तर बरं झालं असतं.

पुढच्या रविवारी ईशानी आली ती काखेत चेंडू घेऊनच.

"आजोबा, मला तुमची हेल्प पाहिजे." ती खुर्चीवर उलटी बसली. "कोच म्हणाली, तू अशी डिस्ट्रॅक्ट कशाने झाली? मी तिला सांगितलं. ती म्हणते, मग पुढच्या वर्षी काय करशील? आजोबांना घरी ठेवशील? मी म्हटलं, नो वे. ते येणार आणि ते ओरडणार. मलाच सवय केली पाहिजे."

"म्हणजे काय करायचं?"

"तुम्ही ओरडा. मी फ्री थ्रो मारते. मागच्या गल्लीत. जोपर्यंत मी वळायचं थांबत नाही, तोपर्यंत."

"माझा घसा जरा..." खांबेटे म्हणाले.

सुनीतीबाई ओट्याशी कोथिंबीर निवडत होत्या. त्यांनी मान वर केली नाही. "जा की," त्या म्हणाल्या. "आता सापडलाय आवाज, तर वापरा."

गल्लीत कोणी नव्हतं. घरांच्या मागच्या भिंतींना टेकून रिसायकलिंगच्या हिरव्या पिशव्या ठेवल्या होत्या आणि एक सीगल त्यातल्या एकीत चोच घालून बघत होता. गॅरेजवरची रिंग अजून होती. बोल्ट गंजले होते, जाळी कधीच कुजून गेली होती. ईशानीने पावलं मोजून विटेच्या तुकड्याने रेष ओढली. खांबेटे मागच्या दाराशी उभे राहिले. पूर्वी दुधाचा पेला घेऊन उभे राहत, तिथेच.

"रेडी? मी तिसऱ्यांदा बाउन्स केला की."

तिने चेंडू आपटला. खांबेट्यांनी ओठ ओले केले.

"खारूताई."

"आजोबा! एवढा हळू? त्या दिवशीसारखं!"

"खारूताई!"

ती वळली, हसली, आणि चेंडू गॅरेजच्या पत्र्यावर धाडकन आदळला. सीगल उडून गेला. "बघा ना! मी काय करू!" ती चेंडूमागे धावली. पुन्हा रेषेवर आली. पुन्हा हाक. ती पुन्हा वळली. तिच्या चेहऱ्यावर तेच सात वर्षांच्या पोरीचं हसू होतं, आणि ते बघून खांबेट्यांना वाटलं की हे असंच चालू राहावं, तिला हे कधीच जमू नये.

पण पोर चिवट होती. हळूहळू तिचं हसणं थांबलं. मग मान वळेनाशी झाली, नुसता खांदा हले. मग खांदाही स्थिर झाला, फक्त कानामागे काहीतरी हलल्यासारखं वाटे. झिमझिम पाऊस सुरू झाला तरी ती थांबली नाही. खांबेट्यांचा आवाज बसत चालला होता. ते हाक मारत, आणि प्रत्येक हाकेबरोबर तिच्यापर्यंत जाणारी एक वाट थोडी थोडी बुजत होती. आणि ते स्वतःच ती बुजवत होते.

शेवटी चेंडू आत गेला. रिंगला जाळी नसल्यामुळे आत जाताना त्याचा काहीच आवाज झाला नाही.

"येस!" ती म्हणाली. वळली नाही. "परत."

पुन्हा हाक, पुन्हा आत. पुन्हा. ती आता त्या काचेच्या पेटीत होती, त्या दिवशी खांबेट्यांना बाकावरून दिसली होती तशीच. तिची पाठ त्यांच्याकडे होती. ओल्या टी-शर्टमधून खांद्याची हाडं दिसत होती. स्वयंपाकघराच्या खिडकीत कोथिंबीर निवडणारे हात थांबलेले दिसले.

तिने चेंडू आपटला. एकदा, दोनदा, तीनदा.

"कार्डिफ जिंकावं म्हणून ओरडलो मी!" खांबेटे म्हणाले. त्याच आवाजात. त्याच जागेवरून. "तू वळशील हे मला ठाऊक होतं!"

चेंडू तिच्या बोटांतून सुटला, वर गेला, आणि आवाज न करता रिंगमधून खाली आला.

"अजून मोठ्याने, आजोबा," ती न वळता म्हणाली. "काहीच ऐकू येत नाहीये."

चेंडू उतारावरून घरंगळत त्यांच्या पायाशी आला. खांबेट्यांनी वाकून तो उचलला. त्याला चिखल लागला होता. त्यांनी तो स्वेटरला नीट, सगळीकडून पुसला आणि तिच्याकडे टाकला. तिने पाठमोरीच हात मागे करून तो घेतला आणि रेषेवर पाय जुळवले.

खांबेट्यांनी पुन्हा हाक मारली.